बुंदीचे ठिपके

‘‘मावशी, झाल्या का तुमच्या लेकी गाडीत बसून?’’

दशरू ट्रकच्या टपावरून ओरडला. मी हात वर करून त्याला गप्प केलं. चितळांना माणसाचा मोठा आवाज खपत नाही, डोक्यावरून आलेला तर मुळीच नाही.

सूर्य अजून गिरणीच्या धुराड्यामागं होता. उद्यानाच्या मधोमध हिरव्या कापडाच्या दोन लांब भिंती उभ्या केल्या होत्या. तोंडाशी रुंद आणि पुढं अरुंद होत गेलेल्या, नरसाळ्यासारख्या. शेवटी मातीचा चढ, आणि चढाला पाठ लावून जंगलखात्याचा ट्रक. आत गवत अंथरलेलं, चारी बाजूंनी ताडपत्री. दशरू त्या ट्रकचा ड्रायव्हर.

मी टिनाच्या डब्यावर विळा वाजवला आणि हाक दिली.

‘‘येऽ वो माय, येऽ!’’

ही हाक त्यांच्या कानांना जन्मापासूनची. सगळ्यांत पुढं बुंदी आली. तिच्यामागून बाकीच्या माद्या, पाडसं, आणि सगळ्यांच्या शेवटी जमादार. जमादार म्हणजे आमचा मोठा नर. शिंगं असली की हा कुणाला जवळ येऊ देत नसे. झाडांचे बुंधे घासून सोलायचा, मागच्या पायांवर उभा राहून फांद्यांना शिंगं लावायचा, माजावर आला की ओरडून अख्खी वसाहत जागी करायचा. शिंगं झडली की एकदम गरीब. नवे कोंब मखमली कातडीखाली वाढत राहीपर्यंत माद्यांच्या मागं मागं मान खाली घालून फिरायचा. त्या दिवशी त्याची शिंगं नुकतीच झडली होती.

‘‘पेन्शनीत गेलेल्या फौजदारावानी दिसून राहिला,’’ दशरू हळूच म्हणाला.

मला हसू आलं. चढावर उभ्या असलेल्या नंदाला आलं नाही.

नंदा माझी एकुलती एक मुलगी. तिचं पूर्ण नाव बेबीनंदा. ती वनरक्षक होती. खाकी गणवेशात ती मला माझी वाटायची नाही, आणि अभिमानही त्याचाच वाटायचा.

चितळाला धरून गाडीत घालता येत नाही. धरलं, पाय बांधले, की ते तडफडतं, आणि अंगावर एक ओरखडा नसताना थोड्या वेळानं मान टाकतं. भीतीनंच मरतं. म्हणून ती कापडाची वाट. उन्हाळा लागल्यापासून मी त्यांचा चारा त्या वाटेतच टाकत होते, रोज थोडा पुढं, मग चढावर, मग ट्रकच्या तोंडाशी, शेवटी ट्रकच्या आत. तसं करायला नंदानंच सांगितलं होतं. वास ओळखीचा व्हावा म्हणून मी माझी जुनी लुगडीही ट्रकच्या फळ्यांना बांधून ठेवली होती. ती माझी स्वतःची अक्कल.

आमची सूतगिरणी बंद पडली होती. चालू होती तेव्हा मालकानं कामगारांच्या पोराबाळांसाठी हे हरीण उद्यान केलं. माझा नवरा गिरणीत होता, तो वारल्यावर मला उद्यानात चाऱ्याच्या कामाला घेतलं. गिरणी गेली तशी वसाहत रिकामी झाली. पाण्याचा टँकर यायचा बंद झाला. कुंपणाला भोकं पडली, त्यातून कुत्री येऊ लागली. त्यात गावात बोलणं उठलं की रस्त्यावरचे ढाबेवाले चौकशी करून गेले. माझी झोप उडाली. मी एकाकडून नंदाला फोन लावून घेतला.

‘‘माय, तू कायले भेतं? मी हाय ना,’’ ती म्हणाली. ‘‘आपण त्यांले जंगलात नेऊ. मोकळ्या कुरणात सोडू.’’

‘‘शप्पथ?’’

‘‘शप्पथ.’’

त्या एका शब्दावर मी उन्हाळाभर चारा वाहिला.

सगळी आत गेली. बुंदी दाराशी थांबली, माझी वाट बघत. मी पदराची गाठ सोडली आणि कुंकवाची पुडी काढली. नवरा गेल्यापासून माझं कपाळ मोकळं होतं. पण मुलीला सासरी धाडताना आई कुंकू लावते तेव्हा तिला कुणी काही विचारत नाही. मी बुंदीच्या दोन डोळ्यांच्या मध्ये बोट टेकवलं. तिनं कान हलवले आणि माझं मनगट चाटलं. घामाचं मीठ तिला आवडायचं.

‘‘मावशी,’’ दशरू वरून म्हणाला, ‘‘नवरीले लावून राहिली का देवीच्या बकऱ्याले?’’

‘‘ए दशरू! थोबाड बंद ठेव!’’

नंदा इतक्या जोरात ओरडली की आतली पाडसं एकमेकांवर आदळली. दशरूचं तोंड उघडंच राहिलं. दोघांचं एरवी चांगलं जमायचं, तो तिला ‘मॅडम’ म्हणून चिडवायचा आणि ती त्याला डब्यातली पोळी द्यायची.

‘‘मस्करी केली वो मॅडम,’’ तो पुटपुटला.

‘‘उशीर होऊन राहिला,’’ नंदा म्हणाली आणि फळी लावायला वळली.

मला वाटलं, तिलाही जड जात असेल. तिनंच तर बुंदीला वाढवलं होतं.

चितळाची मादी पाडसाला गवतात निजवून चरायला जाते. त्या वयात पाडसाच्या अंगाला वास जवळजवळ नसतो, आणि आई परत येईपर्यंत ते जागचं हलत नाही. फाटक उघडं राहून आत आलेल्या कुत्र्यांनी बुंदीच्या आईला फाडलं तेव्हा नंदा शाळेत होती. शाळेतून आली, आणि कुणी न सांगता उंच गवतात शिरली. पाडस तिथंच होतं. आई मेलेली, उन्हं कलंडलेली, अंगावर मुंग्या चढलेल्या, तरी हललं नव्हतं. नंदानं त्याला फ्रॉकमध्ये गुंडाळून आणलं. शेजारच्या शेळीचं दूध, औषधाची रिकामी बाटली, वर रबरी बोंडी. नंदा त्याला कुशीत घेऊन जमिनीवर झोपायची. सणाला बुंदी पाडली होती, ते ठिपके बघून तिनंच नाव ठेवलं.

माणसांना सगळी चितळं सारखी दिसतात. तसं नसतं. प्रत्येकाचे ठिपके वेगळे, आणि जन्मभर तेच राहतात. बुंदीच्या डाव्या मांडीवर ठिपक्यांचं एक कडं होतं आणि त्याला वर एक दांडी. पुढं म्हातारपणी नातीच्या पाटीवर अक्षरं गिरवायला शिकले तेव्हा मला कळलं की ते हुबेहूब ‘ठ’ होतं. तेव्हा मी त्याला नुसतं कडं म्हणायची. कळपात पाठमोरी उभी असली तरी एका नजरेत ओळखू यायची.

ट्रकच्या पुढच्या भागात आम्ही तिघं बसलो. दशरू, मध्ये मी, खिडकीशी नंदा. मांडीवर माझी मोहफुलांची पिशवी. मागं त्यांच्या खुरांचा बारीक खडखड आवाज येत होता, आणि तो थांबला की मी काळजी करायची.

‘‘हळू घे रे, खड्डा हाय.’’

‘‘मावशी, पोटुशी बाई असती मांगं तरी इतकी हळू नसती नेली मी.’’

‘‘हायेतच पोटुश्या. दोघी.’’

नंदा बाहेर बघत होती.

‘‘नंदे, तिथं वानरं हायत का?’’

‘‘हायत.’’

हे मी उगीच विचारलं नव्हतं. चितळांचं आणि वानरांचं जमतं. वानरं वरून कोवळा पाला, फळं टाकतात, चितळं खाली उभी राहून खातात. वाघ वानराला झाडावरून आधी दिसतो, चितळाला वाऱ्यावर आधी कळतो. ज्याला आधी समजेल तो दुसऱ्याला सांगतो. पण माझी चितळं उद्यानात जन्मलेली. त्यांनी वानरं बघितली होती ती वसाहतीतल्या बायांचे पापड पळवायला आलेली.

‘‘आन् वाघ?’’

तिनं खिडकीची काच वर केली.

‘‘जंगल म्हटलं की वाघ असतेच, माय.’’

‘‘थे तं खरंच. पण पळायले जागा असन ना? यांले कुत्र्याबिगर काही माहीत नाही. शिकेपर्यंत जागा पाह्यजे.’’

‘‘असन.’’

तिनं बाही वर सरकवली आणि लगेच खाली ओढली. तेवढ्यात मला तिच्या हातावरचे लांब ओरखडे दिसले.

‘‘हे काय लागलं?’’

‘‘काटे.’’

‘‘औषध लाव.’’

‘‘लावलं.’’

मी पिशवीतून भाकरी काढली. दशरूनं गाडी चालवता चालवता अर्धी खाल्ली. नंदानं हातात घेतली आणि तशीच धरून बसली. लहानपणी रुसली की ती असंच करायची. मला एकदम चिंगीची आठवण झाली.

दोन वर्षांमागं कुणीतरी रानडुकरांसाठी शेताच्या तारेत वीज सोडली होती. त्यात वाघीण मेली. तिचं पिल्लू नंदाला नाल्यात सापडलं. ते सांभाळायचं काम खात्यानं तिलाच दिलं. ती त्याला बाटलीनं दूध पाजायची, मग खिमा भरवायची. फोनवर दुसरं बोलणंच नसायचं. तिच्या लहानपणच्या चिंध्यांच्या बाहुलीचं नाव तिनं पिल्लाला दिलं होतं, चिंगी. मग एक दिवस म्हणाली, चिंगी मोठी झाली, तिला दूरच्या प्राणिसंग्रहालयात नेलं. तिचा आवाज कोरडा होता, म्हणून मी जास्त विचारलं नव्हतं.

‘‘चिंगीची आठवण येते का वो?’’

दशरूनं एकदम गिअर बदलला. नंदानं पाण्याच्या बाटलीचं झाकण काढलं आणि पाणी न पिता परत लावलं.

‘‘येते,’’ ती म्हणाली.

जंगलाच्या आत बरंच गेल्यावर एक उंच जाळीचं कुंपण लागलं. माझ्या दुप्पट उंच, आणि वरचा भाग आत वाकवलेला. त्याला खालून हिरवं कापड. दार एक नव्हतं, दोन होती. एक दार उघडून ट्रक आत, ते लावल्यावर पुढचं दार.

‘‘मोकळं कुरण म्हनली होती ना?’’

‘‘आधी रुळाले लागते, माय. एकदम सोडलं तं भटकतीन.’’

ते मला पटलं. नवीन आणलेली शेळीसुद्धा आपण आधी बांधून ठेवतो.

मचाणावर एक साहेब उभे होते. तरुण, चष्मेवाले. खाली वाकून त्यांनी मला नमस्कार केला.

‘‘मावशी, तुम्ही आलात ते फार बरं झालं. तुम्हीच उतरवून घ्या त्यांना. घाई नाही.’’

इतका मान मला कुणी दिला नव्हता. मी पदर खोचला. ट्रकची फळी उघडली, उतारावर गवत पसरलं, आणि आत जरा पुढं जाऊन उभी राहिले. माझी चितळं दाराशी आली आणि अडली. नवीन माती, नवीन वास. एकीनं पाय पुढं टाकला आणि मागं घेतला.

मी डबा वाजवला.

‘‘येऽ वो माय, येऽ!’’

बुंदी उतरली. कपाळावर कुंकू तसंच. सरळ माझ्याकडं आली आणि पिशवीत तोंड घातलं. ती आली म्हणून बाकीची आली. जमादार शेवटी. मी मोहफुलं ओंजळीनं पसरत गेले, आणि ती माझ्या मागं मागं आत, अजून आत. एकही दचकलं नाही, एकही जाळीवर आदळलं नाही. साहेबांनी वरून दशरूला अंगठा दाखवला. दशरूनं मान दुसरीकडं वळवली.

मला आनंद झाला होता. तो लपवून काय उपयोग? गवत गुडघ्याच्या वर होतं, जागा मोठी होती, सिमेंटचा पाणवठा भरलेला होता. ढाबेवाल्यांच्या सुरीपासून मी यांना इथवर आणलं होतं.

जमादार बाजूला जाऊन काहीतरी चघळत होता. चितळं झडलेली शिंगं चघळतात, हाडंही चघळतात. त्यांच्या अंगाला त्यातलं काहीतरी लागत असणार. उद्यानात मी पडलेली शिंगं उचलून फेकत नसे, त्यांच्यासाठीच राहू देई. मला वाटलं, इथं कुणाची तरी शिंगं पडलीत, म्हणजे इथं आधीची चितळं आहेत. यांना सोबत होईल. बघायला म्हणून मी जवळ गेले.

त्याच्या तोंडातून एक टोक लोंबत होतं. त्या टोकाला खूर होता. काळा, लहानसा.

मी ते त्याच्या तोंडातून ओढून घेतलं. पाडसाचा पाय. गुडघ्यावरून तुटलेला.

मग मला दिसत गेलं. इतकं उंच गवत, आणि कुणी चरलेलं नाही. वर एकही वानर नाही. पाणवठ्याजवळ सुकलेलं कातडं, त्यावर ठिपके. ऐनाच्या झाडावर, माझ्या डोक्याच्या वर, साल नखांनी उभी फाटलेली. आणि पलीकडच्या कापडामागून आलेला वास. जुन्या मुताचा, तिखट, उकडलेल्या भातासारखा. नंदा सुट्टीवर यायची तेव्हा तिच्या कपड्यांना हाच वास असायचा.

‘‘माय,’’ दाराशी उभी असलेली नंदा म्हणाली, ‘‘चल आता. बाहेर ये.’’

मी तो पाय हातात धरून तिच्याकडं गेले.

‘‘इथं काय हाय, नंदे?’’

‘‘आधी बाहेर ये.’’

‘‘त्या कापडामागं कोन हाय?’’

तिनं बाही खाली ओढली.

‘‘चिंगीले दूर नेलं म्हनली होती.’’

‘‘म्हनली होती.’’

‘‘आन् कुरणात सोडू म्हनली होती. शप्पथ घेतली होती.’’

‘‘माय, हळू बोल. तिले तुझा आवाज नवीन हाय. बिचकते थे.’’

थे बिचकते! माझ्या पाठीशी माझी चितळं मोहफुलं वेचत होती, आणि माझ्या मुलीला काळजी होती वाघिणीच्या बिचकण्याची.

‘‘तिनं बकरे मारले,’’ नंदा भराभर बोलू लागली. ‘‘पण बकरं पळत नाही, माय. उभं राह्यते. पळतं चितळ मारल्याबिगर तिले कोनी जंगलात सोडत नाही. वरून लोकं येऊन पाहातीन. जमलं तं सोडतीन, नाही जमलं तं जन्मभर पिंजरा. ना आई शिकवायले, ना कोनी. मी काय शिकवू तिले? मी बाटली धरली, शिकार कशी शिकवू?’’

‘‘बुंदीलेबी बाटली तूच धरली.’’

‘‘हाव.’’

‘‘कुशीत घेऊन निजत होती.’’

‘‘मले सगळं आठवते, माय.’’

‘‘मग दुसरे चितळ नव्हते का जंगलात?’’

‘‘जंगलातले हात लावू देत नाहीत. परवानगीबी नाही. इथले...’’ ती थांबली. ‘‘आपले तसेबी मरणारच होते. कुत्र्यांनी, नाही तं ढाब्यावाल्यांनी. पाण्याबिगर.’’

ते खरं होतं. त्यामुळं जास्त लागलं.

‘‘मग मले काऊन आनलं?’’ मी विचारलं. ‘‘तुमची गाडी, तुमचे मानसं. नेले असते. मी घरी बसून समजली असती, कुरणात हायत म्हून. मले काऊन आनलं इथं?’’

दशरू ट्रकच्या चाकाशी उभा होता. त्यानंच सांगितलं, डोक्यावरची टोपी काढून.

‘‘मावशी, मांगच्या खेपेले दुसरीकडचे आनले होते. उतरेनात. ओढून काढले. तिथंच भेवानं पटापट मेले. पाडसं तेवढे वाचले. मेलेलं तिच्या कामाचं नाही ना वो.’’

हातातला पाय मी तेव्हा खाली टाकला.

म्हणजे उन्हाळाभराचा चारा यासाठी. फळ्यांना बांधलेली माझी लुगडी यासाठी. साहेबांचा नमस्कार यासाठी. माझ्या हाकेला ती जिवंत, ताजी, न घाबरता उतरावीत यासाठी. आणि सकाळी मी कुंकू लावत होते तेव्हा माझी मुलगी तीन हातांवर उभी राहून बघत होती.

‘‘बुंदीले दे,’’ मी म्हणाले.

‘‘माय...’’

‘‘बाकीच्यांचं तू तुझ्या साहेबाले सांग. बुंदीले मी घरी नेईन. माझ्या खाटेले बांधीन.’’

नंदानं मचाणाकडं पाहिलं. साहेबांनी घड्याळ बघितलं, मग हळूच मान हलवली. मला वाटतं त्यांनाही ते सगळं सोसत नव्हतं.

‘‘बलाव तिले,’’ नंदा म्हणाली. ‘‘गाडी उघडीच हाय. बलाव लवकर.’’

मी डबा उचलला. वाजवला. हाक दिली.

‘‘येऽ वो माय, येऽ!’’

बुंदीनं मान वर केली. माझ्याकडं बघितलं. दोन पावलं आली. त्याच वेळी वारा फिरला आणि पलीकडचा तो वास आमच्या सगळ्यांवरून गेला.

बुंदी जागच्या जागी ताठ झाली. शेपूट वर उभं राहिलं, खालचा पांढरा भाग दिसला. तिनं पुढचा पाय उचलून जमिनीवर आपटला. एकदा, परत एकदा. मग तिच्या गळ्यातून एक कडक, तुटक आवाज आला. तो आवाज मी तिच्या तोंडून कधी ऐकला नव्हता. कुत्र्यांना बघून ती नुसती पळायची. हा तिला कुणी शिकवलेला नव्हता, आईनंही नाही. सगळ्यांच्या माना एकदम वर झाल्या.

‘‘येऽ वो बुंदी! येऽ माय!’’

माझा आवाज फाटत होता, मला कळत होतं. ओंजळीत मोहफुलं धरून मी पुढं गेले. ती तेवढीच मागं गेली. मी थांबले, ती थांबली. ती माझ्याकडं बघत होती, पण जशी कुंपणाबाहेरच्या माणसाकडं बघायची तशी.

नंदा माझ्या शेजारी आली. तिनं लहानपणी बाटली घेऊन जाताना मारायची तशी शीळ घातली, जीभ टाळूला लावून. बुंदीचा एक कान वळला. मग ती फिरली आणि उंच उडी घेऊन गवतात शिरली, आणि सगळा कळप तिच्यामागं. अगदी पार, पलीकडच्या टोकाला. शेवटी मला दिसली ती तिची डावी मांडी आणि तिच्यावरचं ठिपक्यांचं कडं.

मी बराच वेळ हाका मारल्या. इतक्या वर्षांत पहिल्यांदा ती आली नाही.

‘‘माय, चल,’’ नंदा म्हणाली. ती रडत होती. ‘‘तू इथं राह्यशील तं त्या परत तुझ्याजवळ येतीन. तुझ्याभोवती चरतीन. मग त्यांले भेव वाटनार नाही. तू गेलेलीच बरी.’’

हेही खरंच होतं. त्या दिवशी माझी मुलगी मला एकामागून एक खरंच सांगत होती.

मी बाहेर आले. मोहफुलांची पिशवी आतच राहिली. ट्रकमध्ये बसायला मी नाही म्हणाले, म्हणून दशरूनं मला साहेबांच्या जीपनं रस्त्यापर्यंत नेऊन बसमध्ये बसवून दिलं. बस सुटेपर्यंत नंदा खिडकीखाली उभी होती. ‘माय’, ‘माय गं’ म्हणत होती. मी समोरच्या सीटच्या पाठीकडं बघत राहिले.

चिंगी शिकली. तिला जंगलात सोडलं, पुढं तिला पिल्लं झाली. नंदाचा सत्कार झाला, पेपरात नाव आलं. लोक पेपर घेऊन मला दाखवायला यायचे, आणि मी त्यांना चहा करून द्यायची.

सत्काराच्या वर्षी दिवाळीला नंदा घरी आली. फराळाचं खाल्लं, भांडी घासली, आणि निघताना पिशवीतून एक फोटो काढला.

‘‘माय, बुंदी वाचली. तुले सांगाचं होतं. त्या दिवसापासून कोनालेच जवळ येऊ दिलं नाही तिनं. चिंगीच्याबी हाती लागली नाही. चिंगीले सोडलं, मग ते दार उघडं टाकलं, तं थे सगळ्यांच्या आधी बाहेर. आता जंगलातल्या कळपात हाय. मी स्वतः काढला फोटो, पाणवठ्यावर. पाह्य.’’

तिचा हात पुढं आला तसा तिच्या मनगटावरचे जुने ओरखडे दिसले, पांढरे पडलेले. चेहरा तिचा शाळेतून आलेल्या मुलीसारखा झाला होता. तोच चेहरा करून ती शप्पथ म्हणाली असेल, फोनवर मला दिसला नव्हता एवढंच.

मी फोटो घेतला. न बघता पालथा केला आणि लुगड्यांच्या पेटीत ठेवला.

‘‘डोळ्याले दिसत नाही आता,’’ मी म्हणाले. ‘‘दिवा लावल्यावर पाहीन.’’

दुसऱ्या दिवशी तिचा फोन आला. इकडचं तिकडचं बोलली, मग म्हणाली, ‘‘पाह्यला का?’’

‘‘पाह्यला.’’

‘‘बुंदीच ना?’’

‘‘हाव,’’ मी म्हणाले. ‘‘बुंदीच हाय.’’

पलीकडं तिनं मोठा श्वास सोडला. तो कशाचा होता, मला माहीत नाही.

आता मला चष्मा आहे. नातीच्या कृपेनं अक्षरंही येतात. दुकानांच्या पाट्या वाचते, पेपर वाचते, हे लिहितेही आहे. पेटी खाटेखालीच आहे. दर उन्हाळ्यात लुगडी उन्हात घालते तेव्हा तो फोटो हाताला लागतो. डाव्या मांडीवर कडं आहे की नाही, मला एका नजरेत कळेल. मी तो तसाच पालथा उचलते, लुगडी झटकते, आणि घड्या घालून झाल्यावर तसाच पालथा परत ठेवते.